गेम पूर्ण स्क्रीनवर येत नाही : लॅपटॉप, टीव्ही आणि मोबाइल, तिन्हीकडे वेगळी तऱ्हा

पांझराकाठ (धुळे)

राम राम मंडळी. तिन्ही गोष्टी एकाच धाग्यात विचारतो, कारण मूळ एकच असावं असं वाटतंय.

लॅपटॉप १५.६ इंची, १९२०×१०८०, विंडोज १०. इंटेलचं ग्राफिक्स, जोडीला एनव्हिडियाचं कार्ड. जीटीए व्हाइस सिटी १०२४×७६८ वर लावला की चित्र आडवं ताणलं जातं. १९२०×१०८० निवडलं तर स्क्रीन भरते, पण कोपऱ्यातला गोल नकाशा लंबगोल होतो. एनव्हिडिया कंट्रोल पॅनलमध्ये स्केलिंगचा (चित्र स्क्रीनच्या मापात बसवण्याचा) पर्याय असतो म्हणतात, तो मुळात दिसतच नाही. दुसऱ्या एका जुन्या गेममध्ये तर खालची बटणं स्क्रीनच्या बाहेर जातात.

हाच लॅपटॉप एचडीएमआयने टीव्हीला जोडला की चारही कडा कापल्या जातात.

मोबाइल २४००×१०८० आहे. एका जुन्या गेमला दोन्ही बाजूंना काळे पट्टे राहतात.

तापीकाठ (भुसावळ)

भाऊ, आधी एक गोष्ट ठरवा : चित्र लहानमोठं करण्याचं काम नेमकं कोण करतंय? गेम, विंडोज, ग्राफिक्स कार्ड आणि टीव्ही हे चौघंही ते करू शकतात. दोघांनी एकदम केलं की चित्र ताणलं किंवा कापलं जातं. ते काम एकाकडेच ठेवायचं.

व्हाइस सिटी पीसीवर २००३ साली आला, तेव्हा मॉनिटर ४:३ (रुंदी : उंची) प्रमाणाचे होते. ते चित्र १६:९ वर पसरवलं की रुंदी ३३ टक्क्यांनी वाढते, म्हणून नकाशा लंबगोल. मूळ प्रमाण हवं असेल तर १०८० उंचीला १४४० रुंदी येते आणि दोन्ही बाजूंना २४०-२४० पिक्सेलचे काळे पट्टे राहतात. हे पट्टे बिघाड नव्हेत.

एनव्हिडियात पर्याय दिसत नाही, कारण अशा बहुतेक लॅपटॉपमध्ये आतली स्क्रीन इंटेलला जोडलेली असते. त्यामुळे स्केलिंगही इंटेलच्या ग्राफिक्स कमांड सेंटरमध्येच मिळेल. तिथे एक गोम आहे. डेस्कटॉप मूळ रेझोल्यूशनवर असेल तर 'स्केल' हा पर्याय सहसा लपलेला असतो. आधी डेस्कटॉपच १०२४×७६८ वर आणा, मग डिस्प्ले विभागात स्केल उघडा, 'मेन्टेन ॲस्पेक्ट रेशो' निवडून लागू करा आणि डेस्कटॉप पुन्हा १९२०×१०८० वर न्या. आता गेम १०२४×७६८ वर उघडा.

पट्टे नको असतील तर वाइडस्क्रीन फिक्स (जुना गेम रुंद स्क्रीनला नीट बसवणाऱ्या जादा फाइली) टाका. त्याच्या फाइली गेमची एक्झी फाइल (जी उघडली की गेम सुरू होतो) जिथे आहे त्याच फोल्डरमध्ये जायला हव्यात. झिप उघडताना त्या आणखी एका फोल्डरच्या आत पडल्या तर काहीच बदलत नाही, आणि लोक फिक्सला दोष देतात. फिक्स टाकल्यावर गेममध्ये १९२०×१०८० निवडा.

बटणं बाहेर जातात त्याचं कारण वेगळं. या आकाराच्या स्क्रीनला विंडोज बहुतेक वेळा १२५ टक्के स्केल लावतं, म्हणजे अक्षरं-खिडक्या सव्वापट मोठ्या दाखवतं. जुन्या गेमला हे कळत नाही. विंडोज त्याला स्क्रीन १५३६×८६४ आहे असं सांगतं. गेम मात्र १९२०×१०८० ची खिडकी मागतो, विंडोज ती सव्वापट करून २४००×१३५० करतं, आणि उरलेला भाग बाहेर. उपाय : एक्झीवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, कंपॅटिबिलिटी, 'चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज'. तिथे खालच्या चौकटीत 'ओव्हरराइड' ला टिक करा आणि 'ॲप्लिकेशन' निवडा. लाँचर (गेम सुरू करून देणारा प्रोग्राम) वेगळा असेल तर हे लाँचरला न लावता खऱ्या गेमच्या एक्झीला लावा.

सातपुडा_यावल

वरचं सगळं करण्याआधी डिव्हाइस मॅनेजर बघा. विंडोज नव्याने टाकलेलं असेल आणि डिस्प्ले अडॅप्टर्समध्ये 'मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले अडॅप्टर' लिहिलेलं असेल, तर ग्राफिक्स ड्रायव्हरच नाही. मग कुठलंही स्केलिंग चालणार नाही.

फारच जुने गेम, म्हणजे डायरेक्टड्रॉच्या (विंडोजमधली चित्र दाखवायची जुनी पद्धत) काळातले, फुलस्क्रीनला रंग बिघडवतात किंवा काळे पडतात. त्यांना डीजीवूडू २ (जुन्या गेमचं ग्राफिक्स नव्या विंडोजवर चालवणारा प्रोग्राम) वापरा. त्याच्या एमएस फोल्डरमधल्या एक्स८६ मधून डीड्रॉ, डी३डीइम आणि डी३डी८ या डीएलएल फाइली गेमच्या फोल्डरमध्ये टाका, कंट्रोल पॅनलची एक्झीही तिथेच ठेवा. स्केलिंग मोड 'स्ट्रेच्ड, कीप ॲस्पेक्ट रेशो'. मग स्केलिंग डीजीवूडू करतो, इंटेलला हात लावायची गरज नाही.

केळीपट्टा_रावेर

टीव्हीचं मी सांगतो. कडा कापल्या जातात त्याला ओव्हरस्कॅन म्हणतात. जुन्या प्रक्षेपणात चित्राच्या कडा खराब यायच्या, म्हणून टीव्ही चित्र थोडं मोठं करून कडा झाकायचे. ती सवय अजून टिकून आहे. लॅपटॉपमधून चित्र आखडून हे दुरुस्त करू नका. त्याने चित्र एकदा लहान आणि मग टीव्हीत पुन्हा मोठं होतं, अक्षरं पुसट दिसतात. दुरुस्ती टीव्हीतच करा, पिक्चर साइझमध्ये : एलजीला 'जस्ट स्कॅन', सॅमसंगला 'फिट टू स्क्रीन', सोनीला डिस्प्ले एरियात 'फुल पिक्सेल'. एचडीएमआय इनपुटचं नाव बदलून 'पीसी' ठेवलं तर बऱ्याच टीव्हींवर कापणं आपोआप थांबतं. गेम मोडही चालू करा, नाहीतर बटण दाबल्यावर उशीर जाणवतो.

४के टीव्हीवर माउस अडखळत चालला तर ॲडव्हान्स्ड डिस्प्लेमध्ये रिफ्रेश रेट (सेकंदाला किती वेळा चित्र बदलतं ते) बघा. एचडीएमआय १.४ च्या पोर्टवर ४के ला ३० हर्ट्झच मिळतात. तिथे १०८० ला ६० हर्ट्झ घेणं कधीही चांगलं.

प्लेस्टेशन ५ जोडत असाल तर स्क्रीन अँड व्हिडिओमध्ये 'ॲडजस्ट डिस्प्ले एरिया' आहे, पण तेही टीव्ही सुधारल्यानंतरच.

पांझराकाठ (धुळे)

जमी गयं भाऊ! नकाशा गोल झाला, बटणंही आत आली. टीव्हीही 'जस्ट स्कॅन' वर नीट दिसतोय. आता एकच राहिलं : मध्येच लाइट गेली की टीव्ही बंद होतो, लॅपटॉप बॅटरीवर चालू राहतो, पण गेम खाली टास्कबारमध्ये जाऊन बसतो. आणि मोबाइलचं राहिलंच.

तापीकाठ (भुसावळ)

टीव्ही बंद झाला की विंडोजच्या दृष्टीने एक डिस्प्लेच नाहीसा होतो. खऱ्या, म्हणजे एक्सक्लुझिव्ह फुलस्क्रीनमधला गेम त्या क्षणी स्क्रीनवरचा ताबा सोडतो आणि मिनिमाइझ होतो. काही गेम तिथेच अडकतात. म्हणून आपल्याकडे लोडशेडिंगच्या दिवसांत 'बॉर्डरलेस' ठेवा. दिसायला तोच फुलस्क्रीन, पण ती साधी खिडकी असते, डिस्प्ले बदलला तरी सहसा टिकते. लाइट आल्यावर गेम लॅपटॉपवरच राहिला तर विंडोज, शिफ्ट आणि डावा किंवा उजवा बाण एकत्र दाबा, खिडकी टीव्हीवर जाते. जुन्या गेममध्ये बॉर्डरलेस नसेल तर ऑल्ट आणि एंटर दाबून विंडो मोड मिळतो का ते बघा.

मे महिन्यात इकडे पारा ४५ च्या पुढे गेला की लॅपटॉप तापून फ्रेम पडतात, म्हणजे गेम अडखळत चालतो. त्यासाठी नव्या गेमचं डिस्प्ले रेझोल्यूशन कमी करू नका. गेममधला 'रेझोल्यूशन स्केल' ७५ टक्के करा. आतलं चित्र १४४०×८१० वर बनतं, पिक्सेल ५६ टक्केच उरतात, पण मेनूची अक्षरं बहुतेक गेममध्ये मूळ स्पष्टतेची राहतात.

चाळीसगावकर

मोबाइलचं : २४००×१०८० म्हणजे २०:९. जुना गेम १६:९ पुरताच बनवलेला असेल तर तो १९२०×१०८० वापरतो, दोन्ही बाजूंना २४०-२४० उरतात. सॅमसंगमध्ये डिस्प्ले सेटिंगमधल्या 'फुल स्क्रीन ॲप्स' मध्ये त्या गेमला जबरदस्तीने पूर्ण स्क्रीन देता येते. बाकी कंपन्यांत जागा बदलते, सेटिंगच्या शोधात 'फुल स्क्रीन' किंवा 'नॉच' टाका. बदलल्यावर गेम रिसेंटमधून (नुकत्याच उघडलेल्या ॲपच्या यादीतून) काढून पुन्हा उघडा. ताणल्यावर बोट टेकलं तिथे बटण लागत नसेल तर पट्टेच बरे, तो गेम त्या आकारासाठी लिहिलेलाच नाही.

मोबाइल टीव्हीवर मिरर केला तर उलटं होतं : १९२० रुंदीला उंची ८६४ येते, वरखाली १०८-१०८ पट्टे. टीव्हीचा झूम वापरून ते घालवू नका. झूमने डावी-उजवी बाजू कापली जाते, आणि गोळीबाराची, उडीची बटणं नेमकी तिथेच असतात.