शब्दचर्चा : बंदुकीचा ‘चोक’, ‘सुधारित सिलिंडर’ आणि पाव-पाऊणचा हिशेब

प्रश्न

मी गेली काही वर्षे अमेरिकेतील साउथ डकोटा राज्यात राहतो. येथे ऑक्टोबरच्या तिसऱ्या शनिवारी फेझंट या कोंबड्यासारख्या लांब शेपटीच्या पक्ष्याच्या शिकारीचा हंगाम सुरू होतो आणि तो दिवस बहुधा दिवाळीच्या आगेमागे येतो, म्हणून आमच्या मंडळाच्या दिवाळी अंकासाठी शेजाऱ्यांबरोबर घालवलेल्या अशाच एका दिवसावर लेख लिहावयास घेतला. मी स्वतः बंदूक चालवत नाही, नुसता कुत्र्यांच्या मागून चालतो. कापणी झालेली मक्याची शेते, गवतात नाक खुपसून धावणारी कुत्री, ‘नर आहे, नर आहे’ अशी आरोळी (येथे फक्त नर मारण्यास परवानगी आहे, तेही माणशी दिवसाला तीन), हे सारे मराठीत सहज उतरले. अडलो तो एका परिच्छेदापाशी.

शेतात शिरण्यापूर्वी शेजारी आपली दुनळी मोडतात (म्हणजे बिजागरीवर उघडतात), ती रिकामी असल्याची खात्री करून घेतात, नळीच्या तोंडातून आटे पाडलेला एक आखूड पोलादी तुकडा छोट्या चावीने फिरवून बाहेर काढतात आणि खिशातील डबीतून दुसरा काढून तेथे बसवतात. त्या तुकड्याला ‘चोक ट्यूब’ म्हणतात. शेजारी म्हणाले की आज वारा आहे, पाखरे लांबूनच उठतील, तेव्हा ‘इम्प्रूव्ह्ड सिलिंडर’ नको, ‘मॉडिफाइड’ हवा. मी ‘सुधारित सिलिंडर’ असे लिहिले. नागपूरच्या बहिणीने कच्चा मसुदा वाचून विचारले की शिकारीला जाताना गॅस कशाला नेला होता. शिवाय फेझंटसारख्यांना येथे ‘अपलँड’ पक्षी म्हणतात; त्यांना डोंगराळ भागातील पक्षी म्हणावे, तर आमच्या भागात नजर जाईल तिथवर सपाटीच आहे. जाणकारांनी मार्ग सुचवावा.

प्रतिसाद १

‘चोक’साठी ‘मुखसंकोचक’ आणि ‘चोक ट्यूब’साठी ‘मुखसंकोचक नलिका’ हे शब्द अर्थाला धरून होतील, कारण नळीचे तोंड तेथे अरुंद, म्हणजे संकुचित केलेले असते.

प्रतिसाद २

वरील शब्द व्युत्पत्तीने निर्दोष आहेत, परंतु मराठी वाचकाला ‘संकोच’ म्हटल्यावर आधी लाजणे आठवते, आणि ‘पूर्ण संकोच असलेली बंदूक’ ही पाहुण्यांसमोर बाहेर न येणाऱ्या मुलीसारखी वाटू लागते. माझे मत असे की ‘चोक’ हे नाम जसेच्या तसे ठेवावे. ते मराठीला नवे नाही. थंडीत सकाळी स्कूटरचा चोक ओढण्यात ज्यांची उमेदीची वर्षे गेली त्यांना आणि ट्यूबलाइटचा चोक बदलणाऱ्यांना तो शब्द घरचाच आहे. अडचण आहे ती तिसऱ्या चोकची, म्हणजे ‘मोरी चोक झाली’ मधल्या चोकची. त्या वळणाने पाहिले तर ‘फुल चोक’ म्हणजे नळी पूर्ण बुजलेली, असा भलताच आणि बंदुकीच्या बाबतीत भयंकर अर्थ निघतो. म्हणून नाम ‘चोक’ ठेवून क्रियापद मात्र ‘आवळणे’ हे वापरावे. इंग्रजी क्रियापदाचा मूळ अर्थही गळा आवळणे असाच आहे. नळी पुढे आवळलेली असते, बुजलेली नसते. इंग्रजी ‘टाइट’ आणि ‘ओपन’साठी ‘घट्ट’ आणि ‘उघडा’ यांपेक्षाही ‘आवळ चोक’ आणि ‘मोकळा चोक’ ही जोडी मला अधिक मराठी वाटते.

ही आवळणी किती असते, हे डोळ्यांपुढे आल्याशिवाय पुढचे शब्द ठरणार नाहीत. बारा बोअरच्या नळीचा आतील व्यास ठरावाने ०.७२९ इंच, म्हणजे साडेअठरा मिलिमीटर असतो. (एक पौंड शिशाच्या सारख्या बारा गोळ्या केल्या तर त्यांतील एक त्या नळीत बरोबर बसेल, असा ‘बारा’चा अर्थ आहे, म्हणूनच वीस बोअरची नळी बारापेक्षा बारीक.) पूर्ण आवळलेल्या चोकमध्ये हा व्यास सुमारे एक मिलिमीटरने कमी होतो, म्हणजे प्रत्येक बाजूने अर्धा मिलिमीटर, साध्या छपाईच्या कागदाचे पाच थर. एवढ्याने एका बारात सुटणाऱ्या शेकडो छऱ्यांचा पसारा बदलतो. तो मोजण्याची रीत अशी की ४० यार्डांवर, म्हणजे साडेछत्तीस मीटरांवर मोठा कागद लावून बार काढायचा, ३० इंच व्यासाचे वर्तुळ आखायचे आणि आत किती छर्रे लागले ते मोजायचे. अजिबात न आवळलेल्या सरळ नळीतून शंभरातले सुमारे ४० छर्रे त्या वर्तुळात पडतात आणि पूर्ण चोकमधून सुमारे ७०. मधल्या पायऱ्यांना अमेरिकेत जी नावे आहेत, त्यांतच आपली मेख आहे.

सरळ नळी म्हणजे ‘सिलिंडर’. किंचित आवळून तिचा पसारा सुधारला म्हणून ‘इम्प्रूव्ह्ड सिलिंडर’, येथे शेकडा ५०. त्यापुढे ‘मॉडिफाइड’, शेकडा ६०. त्यापुढे ‘इम्प्रूव्ह्ड मॉडिफाइड’ आणि शेवटी ‘फुल’. आता आपले शब्दकोश ‘इम्प्रूव्ह्ड’लाही सुधारित म्हणतात आणि ‘मॉडिफाइड’लाही बहुतेक वेळा सुधारितच म्हणतात. त्यामुळे भाषांतर नेटाने केले तर सुधारित सिलिंडर, सुधारित आणि सुधारित सुधारित अशी चढण तयार होते. ती वाचून कोणीही योग्य चोक निवडू शकणार नाही. दोष भाषांतरकाराचाही नाही, कारण मूळ नावे मापाची नाहीत, ती कारागिरांच्या कौतुकाची आहेत.

यावरचा उपाय मराठीत आधीपासून पडून आहे. इंग्लंडातील बंदूककार हीच मापे पाव, अर्धा, पाऊण आणि पूर्ण अशी सांगतात. तेथील ‘थ्री-क्वार्टर’ला तीन आणि चार हे दोन आकडे सांगावे लागतात, आपण ‘पाऊण’ म्हणून मोकळे होतो. तेव्हा अमेरिकन इम्प्रूव्ह्ड सिलिंडर म्हणजे पाव चोक, मॉडिफाइड म्हणजे अर्धा, इम्प्रूव्ह्ड मॉडिफाइड म्हणजे पाऊण आणि फुल म्हणजे पूर्ण चोक, असे सरळ लिहावे. साधारणपणे ०.०१०, ०.०२०, ०.०३० आणि ०.०४० इंच अशी आवळणीची चढती भाजणी त्यामागे आहे (अमेरिकन पूर्ण चोक पुष्कळदा ०.०३५ वरच थांबतो), आणि ती वाचकाच्या मनात नावासरशी उभी राहते. येथे एकच सावधगिरी आहे. इंग्रज लेखकाच्या पुस्तकात ‘इम्प्रूव्ह्ड सिलिंडर’ आणि ‘क्वार्टर’ ही दोन निराळी मापे असतात आणि त्यातले पहिले पावपेक्षाही मोकळे, म्हणजे जेमतेम पाच हजारांश इंचाचे असते. त्यामुळे मजकूर अटलांटिकच्या कोणत्या काठावरचा आहे, हे पाहूनच ‘पाव’ लिहावे.

हाच हिशेब दारूगोळ्यालाही लागू पडतो. फेझंटसाठी शिशाचे सहा नंबरचे छर्रे सव्वा औंस भरलेले काडतूस घेतले (‘सव्वा’ हाही आपला हुकमी शब्द), तर त्यात सुमारे २८० छर्रे असतात. ४० यार्डांवर त्यांतले पाव चोकमधून १४०, अर्ध्यामधून १६८ आणि पूर्णमधून १९६ वर्तुळात येतील. मग पूर्णच का वापरू नये, असे वाटेल. त्याचे उत्तर असे की हंगामाच्या आरंभी पाखरू कुत्र्यासमोर दबून बसते आणि वीस-पंचवीस यार्डांवर उठते. तेथे पूर्ण चोकमधून छऱ्यांचा झुबका इतका लहान असतो की एक तर नेम साफ चुकतो, किंवा लागला तर खाण्याजोगे काही उरत नाही. तेथे पाव चोक हवा. नोव्हेंबर-डिसेंबरात शहाणी झालेली पाखरे वाऱ्याच्या दिवशी पस्तीस-चाळीस यार्डांवरून उठतात, तेव्हा अर्धा. दुनळीत पहिल्या बाराला पाव आणि दुसऱ्याला अर्धा अशी जोडी ठेवतात, कारण दुसरा बार निघेपर्यंत पाखरू लांब गेलेले असते. दाट झाडीतल्या रफ्ड ग्राउझ या रानकोंबडीसारख्या पक्ष्यासाठी तर सरळ नळीसुद्धा चालते. ही सारी निवड अंतराची आहे, जातीची नव्हे, आणि मापवाचक शब्द घेतले की ती कारणासकट वाचकाला समजते.

आपल्या शेजाऱ्यांनी कोणते छर्रे भरले होते, तेही पाहून घ्यावे. शिशाचे छर्रे मऊ असतात. बार निघताना ते चेपतात आणि चेपलेले छर्रे भरकटतात. पोलादी छर्रे गोलच राहतात, त्यामुळे त्याच चोकमधून त्यांचा झुबका अधिक आवळ पडतो. पाणपक्ष्यांच्या शिकारीत शिसे अमेरिकेत १९९१ पासून देशभर बंद आहे आणि रानातही अनेक सरकारी जमिनींवर चालत नाही. पोलाद वापरणारा माणूस साधारण एक पायरी मोकळा चोक निवडतो, म्हणजे शिशाचे अर्ध्याचे काम पोलाद पाव चोकमध्ये करते.

दोन सापळे जाता जाता सांगतो. ‘छऱ्याची बंदूक’ असे लिहू नये, कारण त्या शब्दाने जत्रेतील फुगे फोडण्याची हवेची बंदूक डोळ्यांपुढे येते. ‘दुनळी’ किंवा ‘बारा बोअर’ पुरेसे आहे. आणि ‘गेम बर्ड’ला ‘शिकारी पक्षी’ म्हणू नये. शिकारी पक्षी म्हणजे ससाणा. हे ‘शिकारीचे पक्षी’.

‘अपलँड’बद्दल आपली शंका रास्त आहे. अमेरिकन शिकाऱ्याच्या तोंडी या शब्दाचा उंचीशी संबंध उरलेला नाही. बदक-हंस हे पाण्यावरचे आणि बाकीचे कोरड्या जमिनीवरचे, एवढाच भेद त्यात आहे. आपल्याकडे बागाईत-जिराईत आहे तसाच हा प्रकार, पण ‘जिराईत पक्षी’ लिहिण्याचे धाडस मी करणार नाही. ‘रानमाळावरचे पक्षी’ हा मला त्यातल्या त्यात बरा वाटतो, कारण त्यात गवताळ माळावरचा फेझंट आणि झाडीतला ग्राउझ दोघेही बसतात. गंमत अशी की या गटातील एक पक्षी खरोखर डोंगरउतारावरचा आहे आणि त्याचे नावही आपल्याकडून गेलेले आहे. नेवाडा व आयडाहोच्या खडकाळ उतारांवर ज्याची शिकार करतात तो ‘चुकार’ आशियातून तेथे नेऊन सोडलेला आहे आणि त्याचे इंग्रजी नाव ‘चकोर’ या शब्दावरून आलेले आहे. चांदणे पिऊन जगणारा आपल्या काव्यातला चकोर तिकडे बंदुकीपुढे उठतो, हे वाचून वाईट वाटते. परंतु इंग्रजी उच्चार धरून ‘चुकार पक्षी’ लिहिले तर मराठी वाचक त्याला कामचुकार समजेल, म्हणून चकोरच लिहावे.

प्रतिसाद ३

मी बंदुकीतला नाही, लेथवरचा माणूस आहे. ‘चोक नळी’ लिहिले तर बंदुकीचीही नळी आणि तिच्यात बसणारीही नळी, असा घोळ होईल. आमच्याकडे भोकात बसणाऱ्या अशा तुकड्याला बुश म्हणतात, पण ते बहुधा ठोकून बसवलेले असते आणि हे तर आट्यांवर फिरणारे दिसते. ‘चोकचे नळकांडे’ म्हणावे; आखूड, पोकळ, हातात मावणारे असे सारे त्यात येते. दहा हजारांशाला आम्ही ‘दहा थाऊ’ म्हणतो, तेवढी आवळणी बोटाला कळतही नाही.

मूळ प्रश्नकर्ता

सर्वांचा ऋणी आहे. परिच्छेद आता असा झाला आहे :

‘शेजाऱ्यांनी दुनळी मोडली, दोन्ही नळ्यांतून आकाशाकडे पाहून घेतले आणि एका नळीच्या तोंडाशी चावी लावली. चोकचे नळकांडे चार फेऱ्यांत बाहेर आले. आट्यांवर तेलाचा काळा थर होता, तो त्यांनी पँटला पुसला. डबीतून दुसरे काढले आणि त्याच्या कडेवरच्या खाचा अंगठ्याच्या नखाने मोजल्या. तीन होत्या, म्हणजे पाऊण चोक. आज वारा आहे, ते म्हणाले, पाखरे दबून बसणार नाहीत.’

प्रतिसाद २ लिहिणाऱ्याकडून

परिच्छेद उत्तम उतरला आहे, एक दुरुस्ती मात्र अवश्य करावी. कडेवरच्या खाचांचा हिशेब उलटा असतो. एक खाच म्हणजे पूर्ण चोक, दोन म्हणजे पाऊण, तीन म्हणजे अर्धा, चार म्हणजे पाव आणि पाच म्हणजे सरळ नळी. शेजाऱ्यांनी ‘मॉडिफाइड’ मागितला होता आणि त्यांच्या नखाला तीन खाचा लागल्या. त्यांचे बरोबर होते, तेव्हा ‘पाऊण’ खोडून तेथे ‘अर्धा’ लिहावे.