फळीवरचं चित्र कुणालाच दिसलं नाही, मग विषय संपला का?

रानवारा: हार्ट बंद पडलं, डॉक्टरांनी छाती दाबदाबून माणसाला परत आणलं आणि शुद्धीवर आल्यावर तो सांगतो की मी वरून स्वतःलाच बघत होतो. हे निअर-डेथ (मरणाच्या दारातले) अनुभव तपासायला डॉक्टर सॅम पर्नियांच्या टीमने हॉस्पिटलांत उंचावर फळ्या बसवल्या आणि त्यावर चित्रं ठेवली, फक्त वरूनच दिसतील अशी. 2014 मध्ये निकाल आला, 2060 कार्डिअ‍ॅक अरेस्ट (हृदय बंद पडण्याच्या घटना), वाचलेल्यांपैकी 140 जणांच्या मुलाखती, आणि चित्र ओळखणारा एकही नाही. आत्मा बाहेर पडतो म्हणणाऱ्यांनी आता तरी थांबावं.

निशाचर: थांबायचं कशाला? त्याच पेपरात लिहिलंय की 78 टक्के अरेस्ट फळी नसलेल्या जागी झाले. ज्या दोघांनी सगळं बघितल्याचं-ऐकल्याचं सांगितलं त्यांच्याही खोलीत फळी नव्हती, मग चित्र दिसणार कुठून? आणि ऑक्सिजन कमी झाल्यामुळे होतं म्हणावं तर हृदयरोगतज्ज्ञ व्हॅन लोमेल यांचा 2001 चा लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकातला अभ्यास बघा, 344 पेशंट, सगळ्यांचं हृदय थांबलेलं, अनुभव सांगणारे फक्त 62. कारण तेच असतं तर सगळ्यांनाच यायला हवा ना?

रानवारा: स्वप्नं सगळ्यांनाच पडतात, सकाळी आठवतात किती जणांना? फळीचं म्हणणं मान्य, पण त्याने दावा तपासायचा राहिला एवढंच ठरतं, सिद्ध होत नाही. पर्नियांच्याच 2023 च्या दुसऱ्या अभ्यासात तर टॅबलेटच्या स्क्रीनवर चित्रं आणि हेडफोनवर फळांची नावं ठेवली होती. 28 जणांशी बोलणं झालं, चित्र कुणालाच नाही, फळं एकाने ओळखली. म्हणजे कान चालू होता! आणि सीपीआर (म्हणजे ते छाती दाबणं) चालू असताना काहींच्या ईईजीत, म्हणजे मेंदूच्या विद्युत लहरींच्या आलेखात, तासाभरापर्यंत जवळजवळ नॉर्मल लहरी दिसल्या, मग मेंदू पूर्ण बंद होता हे धरूनच का चालायचं?

चांदणवेल: मला एक कळत नाही, सगळे एकाच परलोकात जाऊन येतात तर आपल्याकडचे लोक वेगळं का सांगतात? बंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्य संस्थेच्या सतवंत पसरिचा आणि अमेरिकेतले मानसोपचारतज्ज्ञ इयान स्टीव्हन्सन यांनी 1986 मध्ये भारतातल्या केसेस छापल्या, त्यात यमदूत येतात, नेतात, तिथे वही उघडून बघतात आणि चुकीचा माणूस आणला म्हणून परत पाठवतात. अमेरिकेत हे कोणी सांगत नाही. लहानपणापासून जे ऐकलं तेच दिसतं, सरळ आहे.

निशाचर: सरळ नाहीये. मूळ अनुभव एक आणि सांगताना आपापल्या ओळखीची रूपं, हेही शक्य आहेच की. आणि मेंदूत लहर दिसली म्हणजे जाणीव मेंदूच तयार करतो हे कसं ठरलं, दोन्ही एकत्र दिसतात एवढंच कळलं.

रातपाळी: आयसीयूत नर्स आहे म्हणून लिहिते. सीपीआर म्हणजे बरगडी मोडल्याचं हाताला जाणवतं, आजूबाजूला मॉनिटर वाजत असतात, डॉक्टर औषधांची नावं ओरडत असतात आणि आम्ही सगळे समजतो की पेशंटला काही कळत नाही. आत्मा आहे की नाही ते तुम्ही ठरवा हो, पण त्या फळांच्या नावांवरून मला एवढं नक्की वाटतं की त्या वेळी "आता काही उरलं नाही" वगैरे पेशंटच्या डोक्याशी उभं राहून बोलणं बंद करायला हवं. नंतर लोक सांगायला घाबरतात, वेडा म्हणतील म्हणून. आमच्याकडे एका काकांनी डिस्चार्जच्या दिवशी हळूच विचारलं, सिस्टर हे सांगितलं तर गोळ्या वाढवतील का?

रानवारा: ताई, हे शंभर टक्के पटलं. अनुभव खोटा आहे असं मी म्हणतच नाहीये, माझा वाद फक्त त्यावरून परलोक सिद्ध करणाऱ्यांशी आहे.

निशाचर: आणि माझा, विषय संपला म्हणणाऱ्यांशी. फळी प्रत्येक बेडवर लावा, मग बोलू.