गुडघ्याच्या ऑपरेशननंतर आईला चालायला पुण्यात जागा सुचवा

नमस्कार मंडळी,

आई ६८ वर्षांची आहे. जानेवारीत तिच्या उजव्या गुडघ्याचं रिप्लेसमेंट झालं. आता डॉक्टर मोकळ्या हवेत चालायला सांगताहेत. गेल्या वर्षी बाबा गेले, तेव्हापासून ती गप्प गप्प असते, रात्रीची झोपही उडाली आहे. समुपदेशन सुरू आहे. त्या ताईही म्हणतात, रोज सकाळचं ऊन आणि झाडं मिळू देत. सोसायटीच्या आवारात फेऱ्या मारून पाहिल्या, पण तिथे जो तो थांबून चौकशी करतो आणि मग दुसऱ्या दिवशी आई खाली उतरतच नाही.

आम्ही धनकवडीत राहतो. पर्वतीच्या शंभरावर पायऱ्या, त्यामुळे ती बाद. सारसबाग सपाट आहे, पण तिथे आईबाबा चतुर्थीला जोडीने जायचे. अजून तिला ते सोसत नाही. तळजाई मनात आहे. वरपर्यंत गाडी जाते, मातीची वाट आहे, मोरांचा आवाज येतो. पण पावसात चिखलावरून पाय घसरला तर? थोडं चाललं की तिला टेकावं लागतं. बाक जवळजवळ आहेत का? स्वच्छतागृहही हवंच.

आजूबाजूला माणसं असावीत, पण कोणाशी बोलावंच लागू नये, अशी जागा हवी आहे.

प्रतिसाद:
ताई, कोरड्या दिवसांत तळजाई उत्तम. वरच्या सपाटीवरच फिरवा, नव्या गुडघ्याला उतार फार जड जातो. थंडीत भल्या पहाटे नको, धूर खालीच साचलेला असतो. ऊन वर आल्यावर निघा. पावसाळ्यात सिंहगड रस्त्यावरचं पु. ल. देशपांडे उद्यान बघा. जपानमधल्या ओकायामाच्या बागेच्या धर्तीवर केलंय. वाहतं पाणी आणि आखलेल्या वाटा आहेत, फक्त ओल्या पुलांवर हात धरा. आठवड्यातून एकदा रेसकोर्सजवळच्या एम्प्रेस गार्डनला न्या. जुनी, प्रचंड झाडं आहेत आणि गारंबीचा अवाढव्य वेल आहे. लोक आपापल्या नादात असतात, कोणी हटकत नाही.

धागाकर्ती:
मनापासून आभार! आई कोकणातली आहे, गारंबीचं नाव काढताच म्हणाली, "इथे पुण्यात?" बऱ्याच दिवसांनी तिने स्वतःहून काही विचारलं. येत्या रविवारी एम्प्रेसलाच नेते. फाटकापासून त्या वेलापर्यंत किती चालावं लागतं, आणि मध्ये बसायची सोय आहे का?