के-टूला नाव का नाही
काराकोरम पर्वतरांगेतल्या के-टूचं, म्हणजे जगातल्या दुसऱ्या क्रमांकाच्या उंच शिखराचं, स्थानिक नाव इंग्रजांनी पुसून टाकलं, असं काही जण म्हणतात. एव्हरेस्टबाबत मान्य, पण इथे ते लागू होत नाही. १८५६ मध्ये ब्रिटिश सर्वेक्षक माँटगोमेरीने काश्मीरच्या हरमुख पर्वतावरून, सुमारे २०० किलोमीटर अंतरावरून, काराकोरमची दोन ठळक शिखरं रेखाटली आणि त्यांना के-१, के-२ असे नुसते खुणेचे क्रमांक दिले. के-१ ला स्थानिक लोक माशरब्रुम म्हणतात हे कळल्यावर नकाशात तेच नाव आलं.

के-टू मात्र आस्कोले या शेवटच्या गावातून दिसतच नाही. बाल्टोरो हिमनदीवरून दिवसच्या दिवस चालत कॉन्कॉर्डिया या हिमनद्यांच्या संगमाला पोचलं की मग ते पायथ्यापासून टोकापर्यंत समोर उभं राहतं. त्यामुळे रुळलेलं नाव सापडलं नाही आणि क्रमांकच टिकला. त्याला या भागाचं सर्वेक्षण करणाऱ्या गॉडविन-ऑस्टिनचं नाव द्यायची सूचना लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने नाकारली, हे फार बरं झालं.