शेंगाचटणी, सुरक्षातपासणी आणि आपलं विमान

जुळे सोलापूर:
सोलापूरहून विमानानं मुंबईला तासाभरात पोचतो म्हणणाऱ्यांनो, घराला कुलूप लावल्यापासून दादरला पाय ठेवेपर्यंतचा हिशोब मांडा की एकदा. सिद्धेश्वर एक्स्प्रेसमध्ये रात्री आडवं व्हायचं, सकाळी मुंबई. डबा उघडला तर कोण विचारत नाही.

मागं भाच्याकडं दिल्लीला विमानानं निघालो. खांद्यावरच्या पिशवीत अर्धा किलो शेंगाचटणी. तपासणीवाल्यानं पुडा काढला, हुंगला. "मिर्च पाउडर है?" म्हटलं, शेंगदाणा आहे. "तो लाल क्यों है?" उखळात कुटलेली चटणी, तेल सुटून कागद भिजलेला. म्हणजे तिखट एक आणि तेल दुसरं, दोन गुन्हे! माझा पट्टा ट्रेमध्ये, एका हातानं पँट धरून मी चटणीची वकिली करतोय, मागं रांग खोळंबलेली. शेवटी गेली टोपलीत.

सात रस्ता:
मोठ्या बॅगेत घालून सामानात द्यायची की राव! मिरचीपूड हातातल्या बॅगेत चालत नाही. यादी वाचायची नाही आणि दोष विमानाला. 15 जून 2023 ला विमानाच्या वाटेत येणारी साखर कारखान्याची चिमणी पाडली, 2025 च्या जूनमध्ये गोव्याचं विमान आलं, ऑक्टोबरमध्ये मुंबईचं. इतकी वर्षं थांबून आता नाकं मुरडताय?

होटगीकर:
चिमणीचं नाव काढू नका. आमचा ऊस जायचा तिथं. तुमचा तास वाचला, बरं झालं.

बाळीवेस:
भावांनो, चटणी जाऊ द्या. मला भ्या वाटतं ते हलण्याचं. ढगात शिरल्यावर पंख लवताना दिसला आणि मी सिद्धरामेश्वराला नारळ बोलले.

सात रस्ता:
ताई, पंख लवायलाच केलेला असतो. उडताना येऊ शकेल त्या कमाल भाराच्या दीडपट भार लावून तपासतात. नारळ जरूर फोडा, फक्त सुकं खोबरं सामानात घालू नका. ते पेट घेणाऱ्या वस्तूंत मोडतं.

बाळीवेस:
दीडपट असेल हो. मग पट्टे बांधा म्हणताना त्या पोरीचा आवाज का बदलतो?

जुळे सोलापूर:
सात रस्ता, यादीचं मान्य. पण आईला आजारपणात न्यायचं झालं तरच मी विमान धरणार, हौसेनं नाही. आणि हो, कडक भाकरी सुटली त्या दिवशी. तपासणीवाल्यानं बोटानं वाजवून बघितली आणि विचारलं, "ये खाने का है?"