घरात दोघंच, आणि बोलणं कामापुरतं

सांजवेळ: मुलगी परगावी गेल्यापासून घरात आम्ही दोघंच. भांडण नाही, अबोला नाही. यांचं बोलणं म्हणजे "किल्ली घेतलीस का?", "बिल भरलं." मी काही सांगायला घेतलं की नजर टीव्हीवर आणि तोंडातून "हं". परवा ओट्याशी उभी राहून मुद्दाम म्हटलं, "कपाटाला आग लागलीय." तरी "हं"! हसावं की रडावं? चारचौघं जमले की हे आतल्या खोलीत पेपर घेऊन. माणूस वाईट नाही हो, माझ्या गोळ्या संपायच्या आत नवं पाकीट आणून ठेवतात. पण मन मोकळं कुणापाशी करायचं?

आडवळण: गॉटमन नावाच्या मानसशास्त्रज्ञाने नवविवाहित जोडप्यांचं निरीक्षण केलं होतं. ६ वर्षांनी जी एकत्र होती, त्यांनी एकमेकांच्या बारीकसारीक हाकेला ८६ टक्के वेळा दाद दिली होती. विभक्त झालेल्यांनी ३३ टक्के. एकदा समोर बसवून स्पष्ट बोला.

सांजवेळ: आमचं "हं" कुठल्या टक्क्यात धरायचं? आणि समोर बसवलं की म्हणतात, "काय झालंय? सगळं ठीक तर आहे."

खिडकीपाशी: ताई, यांचं वय? टीव्हीचा आवाज वाढलाय का? विचारते कारण माझ्या वडिलांना आम्ही तुसडे ठरवून मोकळे झालो होतो. वयानुसार कान जातात ते आधी बारीक, उंच आवाजांसाठी. स, फ, ट निसटतात. कुणीतरी बोलतंय हे कळतं, शब्द लागत नाहीत. गोंगाटात तर अजिबातच. मग "काय?" दहादा विचारण्यापेक्षा "हं" सोपं पडतं. ऑडिओमेट्री, म्हणजे किती ऐकू येतं त्याची तपासणी, करून घ्या.

सांजवेळ: साठी उलटलीय. आवाज वाढलाय, मीच ओरडते त्यावरून. फोन नेहमी उजव्याच कानाला... हे डोक्यातच आलं नाही. पण मग स्वतःहून काही विचारतही नाहीत, त्याचं काय?

खिडकीपाशी: बाबांनीही विचारणं सोडलं होतं. उत्तर ऐकू येणार नाही म्हणून. सगळंच कानावर ढकलू नका म्हणा, यंत्र लावल्यावरही ते काही गप्पिष्ट झाले नाहीत. पण आईच्या बोलण्यात मधेच "कोण? कधी?" करायला लागले.

सांजवेळ: "मला काही झालेलं नाही" म्हणून उडवून लावतील.

आडवळण: तुमचेच कान तपासायचेत म्हणून सोबत न्या. तिथे गेल्यावर दोघांचेही तपासून घ्या.

सांजवेळ: हे जमेल. माझ्या तपासणीला नाही म्हणायचे नाहीत.