'दुसरीनं पेन्शन मागायचीच कशाला?' म्हणणाऱ्यांसाठी

सातरस्ता: काल या फोरमवर एकांनी लिहिलं, 'दुसऱ्या बाईनं संसार चोरला, आता फॅमिली पेन्शनपण पाहिजे.' वाचून झोप उडाली, म्हणून लिहितोय.

चोरला कुणी? ती माझी मावशी. देवळात लग्न लागलं तेव्हा नवऱ्याची पहिली बायको गावाकडं आहे हे तिला ठाऊक नव्हतं. कळलं तेव्हा पोरगं कडेवर होतं. पुढं त्यांना अर्धांगवायू झाला तर दोन वर्षं अंथरुणातलं सगळं तिनंच काढलं. ते गेले. फॅमिली पेन्शनसाठी त्यांच्या सरकारी ऑफिसात गेली तर बाबू सर्व्हिस बुकाचं, म्हणजे नोकरीच्या नोंदवहीचं, पान तिच्याकडं फिरवून म्हणाला, 'नाव आहे की तुमचं, पण चालत नाही.' राज्याच्या पेन्शन नियमांत, नियम 116 मध्ये छापलंय, विधवा एकीपेक्षा जास्त असतील तर पेन्शन सारखी वाटायची. ते काय शोभेला आहे?

निवृत्त_हेडक्लार्क: शोभेला नाही, तुम्ही अर्धं वाचलंय. 2019 ला मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं हाच नियम सोडवून सांगितला: विधवा म्हणजे कायदेशीर बायको. पहिली हयात आहे, काडीमोड नाही, तर 1955 च्या हिंदू विवाह कायद्यानं दुसरं लग्न मुळात लग्नच नाही. सारखे वाटे ज्यांच्यात दुसरं लग्न कायद्यानं चालतं त्यांच्यासाठी. आपल्या सोलापूरच्याच एका बाईंचा अर्ज 2022 ला फेटाळला. पहिली वारली होती, दोघींचा आपसात समझोता होता, तरी.

आणि बुकात नाव लावल्याचं, नॉमिनेशनचं, कौतुक नको. फॅमिली पेन्शन ही मयताची इस्टेट नाही, मृत्युपत्र करूनसुद्धा ती कुणाला देता येत नाही. सुप्रीम कोर्टानं 1991 लाच सांगितलंय. 31 वर्षं पेन्शन टेबलला घासलीत मी.

पहिलीची_लेक: मावशीचं वाचून डोळे पुसले सगळ्यांनी. आमच्या आईचं कोण लिहिणार? रोज हजार विड्या वळून तिनं आम्हाला वाढवलं. बाप वारल्यावर ऑफिसात आधी दुसरी पोचली, रेशन कार्डावर तिचं नाव. आणि आईला पुरावा मागितला, 1978 च्या लग्नाचा! ना पत्रिका, ना फोटो. नऊ वर्षं कोर्टात गेली. पेन्शन सुरू झाली तर हयातीच्या दाखल्याला अंगठा उठेना. विड्यांनी बोटं गुळगुळीत झालेली. मशीनवाला म्हणतो, 'आजी, हात धुऊन या.'

सूतगिरणी_पूर्वभाग: अंगठ्याचं म्हणता ना, माझी आईपण तिथंच उभी असते. पण कशासाठी? महिना हजार रुपयांसाठी! ईपीएस 95 मध्ये, म्हणजे पीएफवाल्या कामगारांच्या पेन्शन योजनेत, 2014 ला किमान हजार केले, ते अजून हजारच. महागाई भत्ता नाही, काही नाही. तिच्या बीपीच्या गोळ्याच नऊशेच्या. तुम्ही शेवटच्या पगाराच्या 30 टक्क्यांवर भांडताय, भांडा बापडे.

निवृत्त_हेडक्लार्क: विषय वेगळा आहे हो.

सूतगिरणी_पूर्वभाग: वेगळा कसा? विधवा ती विधवाच ना? का सरकारी जावयाची बायको तेवढी विधवा?

निवृत्त_हेडक्लार्क: तोंड सांभाळून. माझा पोरगा 1 नोव्हेंबर 2005 नंतर लागला, त्याला कुठली आलीय जुनी पेन्शन? म्हणे जावई.

टिळकचौक: झालं, जुनी पेन्शन आली. आता धागा दोनशेच्या पुढं जाणार.

सूतगिरणी_पूर्वभाग: जाऊ दे की. आमच्या गल्लीत अशा अकरा म्हाताऱ्या आहेत. नोव्हेंबर आला की रिक्षा ठरवून दाखल्याला जातात. रिक्षाचे साठ, झेरॉक्सचे दहा. हिशोब करा बे.

सातरस्ता: तुमच्यासाठी वेगळा धागा काढा ना. मला एवढंच विचारायचंय, फसवलं त्यानं, शिक्षा तिला का?

निवृत्त_हेडक्लार्क: कायदा लग्न बघतो, सेवा नाही. पण एक राहिलंच. दुसरीची मुलं मात्र औरस धरतात. सुप्रीम कोर्टानं 2000 साली बिहारच्या एका केसमध्ये आईला नाही, पण पोरांना सज्ञान होईपर्यंत वाटा दिला. मावशींच्या मुलाचा अर्ज केला होतात ना?

सातरस्ता: नाही. तो तेव्हा आठवीत होता. आता चौतीसचा आहे. ही गोष्ट आज कळतेय.

निवृत्त_हेडक्लार्क: टेबलवाल्यानं सांगायला पाहिजे होतं.

सातरस्ता: तुम्ही सांगितलं असतं का, त्या 31 वर्षांत?

निवृत्त_हेडक्लार्क: विचारलं तर सांगायचो.

पहिलीची_लेक: एक मघाशी लिहिलं नाही. आमच्यात त्या बाईच्या पोराला वाटा मिळाला. साहेबांनी विचारलं तेव्हा हरकत घे म्हणून मी आईच्या मागं लागले होते. तिनं घेतली नाही. 'त्याला काय माहीत,' म्हणाली. मी वर्षभर बोलले नाही तिच्याशी.

सूतगिरणी_पूर्वभाग: वाटा किती आला? हजाराच्या वर होता ना?